मिथुन म्हणजे नेमकं काय? रास, जोडी, जनावर आणि आपला वळू



पंचांग उघडलं की मिथुन रास दिसते. सिनेमाचं नाव काढलं की मिथुन चक्रवर्ती आठवतो. लेणी दाखवणारा माणूस दगडातल्या एखाद्या जोडीकडे बोट करून ‘हे मिथुनशिल्प’ असं सांगतो. आणि पशुगणनेचे आकडे वाचायला घेतले, तर गाय, म्हैस, शेळी, मेंढी यांच्या रांगेत आणखी एक नाव छापलेलं असतं, मिथुन! आता हे मिथुन गोठ्यात बांधायचं की आकाशात बघायचं, असा प्रश्न कुणालाही पडेल.

प्रश्न गमतीचा वाटतो, पण तो सोडवताना आपल्या कामाच्या तीन-चार गोष्टी हाती लागतात. पेरणी कधी करायची, गव्यापासून किती लांब राहायचं, बाजारात जनावर कोणत्या नावानं घ्यायचं आणि गावातला वळू गेल्यावर गाई कुणाकडून भरवायच्या, हे सगळे प्रश्न या एका शब्दाला चिकटलेले आहेत. म्हणून या पत्रिकेत आपण हा शब्द नीट सोलून बघू.

पहिला अर्थ : जोडी

मिथुन हा मूळचा संस्कृत शब्द. त्याचा अर्थ जोडी, म्हणजे नर आणि मादी यांचं जोडपं. त्यावरूनच मैथुन हा शब्द झाला. आपल्या बोलीत जनावरांच्या बाबतीत आपण तो वापरत नाही. गाय माजावर आली, गाय भरवली, गाय फळली, म्हैस गाभण राहिली, असं आपण म्हणतो. तेच शब्द नेमके आहेत आणि तेच वापरावेत.

या जोडीचं दगडातलं रूप बघायचं असेल तर फार लांब जायला नको. पिंपरी-चिंचवडवरून लोणावळ्याकडे निघालं की मावळात कार्ल्याची लेणी लागतात. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीच्या तिथल्या चैत्यगृहाच्या दर्शनी भिंतीवर स्त्री-पुरुषांच्या जोड्या कोरलेल्या आहेत. अभ्यासक त्यांना मिथुन किंवा दांपत्य शिल्पं म्हणतात. जोडी म्हणजे वाढ, भरभराट आणि शुभ, ही जुनी समजूत त्यामागे आहे. शेतकऱ्याला ती समजावून सांगावी लागत नाही. ज्या गोठ्यात वेळेवर वासरू होतं, तिथं चूल पेटती राहते, हे तो जाणतोच.

दुसरा अर्थ : रास, आणि आपली पेरणी

आकाशातल्या बारा राशींपैकी तिसरी रास मिथुन. इथंही अर्थ जोडीचाच. सत्तावीस नक्षत्रं बारा राशींत वाटली की प्रत्येक राशीच्या वाट्याला सव्वादोन नक्षत्रं येतात. मिथुनेच्या वाट्याला मृगाचे शेवटचे दोन चरण, आर्द्रा पूर्ण आणि पुनर्वसूचे पहिले तीन चरण आले आहेत.

आपल्या पंचांगाप्रमाणे सूर्य साधारण १५ जूनच्या सुमारास मिथुन राशीत शिरतो आणि १६ जुलैच्या सुमारास बाहेर पडतो. म्हणजे बघा, आपला खरिपाच्या पेरणीचा सगळा महिना हा मिथुनेचा महिना आहे. वाडवडिलांनी नक्षत्रांवर पेरणीचं गणित बसवलं ते उगीच नव्हे. त्यांच्याकडे छापील दिनदर्शिका नव्हती. सूर्याची आकाशातली जागा हीच त्यांची तारीख होती.

पण मंडळी, नक्षत्र तारीख सांगतं, जमिनीतली ओल सांगत नाही. मृग लागला म्हणून एखादी सर पडताच तिफण धरली, आणि पुढं पंधरा दिवस पावसानं ओढ दिली, तर बियाणं मातीत जातं. दुबार पेरणीचा खर्च काय असतो ते वेगळं सांगायला नको. म्हणून कृषी विभागाची शिफारस अशी आहे, की ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्यावर आणि जमिनीत पुरेशी ओल असल्याची खात्री करूनच पेरणी करावी. शेतात फावड्यानं किंवा खुरप्यानं वीतभर खणून बघा. खालची माती मुठीत दाबल्यावर तिचा गोळा झाला पाहिजे. वर ओलं आणि खाली कोरडं असेल तर थांबा.

सोयाबीनचं घरचं बियाणं असेल तर पेरणीआधी उगवणशक्ती तपासा. ओल्या गोणपाटावर १०० दाणे ओळीनं ठेवा, गुंडाळी करून सावलीत ठेवा आणि ओल टिकवा. आठवड्यानं मोजा. ७० किंवा जास्त दाणे चांगले उगवले तर बियाणं योग्य. त्याहून कमी उगवले तर बियाण्याचं प्रमाण वाढवा, आणि फारच कमी उगवले तर बियाणं बदला.

तिसरा अर्थ : जनावर

आता पशुगणनेतल्या मिथुनकडे वळू. हे खरोखरीचं जनावर आहे. गाई-बैलांच्या कुळातलं, पण गाय नव्हे आणि म्हैसही नव्हे. शास्त्रीय नाव बॉस फ्रॉन्टॅलिस. हिंदीत याला गयाल म्हणतात, आसामी बोलीत मेथोन आणि मिझो भाषेत सियाल. आपल्या देशात ते अरुणाचल प्रदेश, नागालँड, मणिपूर आणि मिझोराम या डोंगराळ राज्यांत आढळतं. देशाबाहेर भूतान, म्यानमार, बांगलादेशाचे डोंगर आणि चीनचा युनान प्रांत इथंही आहे. अरुणाचल आणि नागालँड या दोन्ही राज्यांचा तो राज्यप्राणी आहे. २०१९ च्या विसाव्या पशुगणनेत देशभरात पावणेचार ते चार लाखांच्या दरम्यान मिथुन मोजले गेले. त्यांतले बहुतेक एकट्या अरुणाचलात आहेत.

दिसायला हे जनावर भारदस्त असतं. अंग काळपट किंवा गडद तपकिरी, कपाळ रुंद आणि सपाट, शिंगं जाड बुडाची व दोन्ही बाजूंना पसरलेली, आणि चारही पायांना गुडघ्याखाली पांढरे मोजे घातल्यासारखा रंग. पूर्ण वाढलेल्या मिथुनचं वजन ४०० ते ६०० किलोच्या घरात जातं. दूध म्हणाल तर दिवसाला लिटर-दीड लिटर, पण स्निग्धांश भरपूर.

याला अर्धवट माणसाळलेलं जनावर म्हणतात, आणि मुख्य गोष्ट तीच आहे. मिथुनला गोठा नाही, दावं नाही, वेसण नाही, आणि बहुधा नांगरही नाही. ते रात्रंदिवस जंगलात राहतं आणि झाडपाला खातं. पण ते कुणाच्या तरी मालकीचं असतं. मालक कानाला ठरावीक खाच पाडून खूण करतो. तो अधूनमधून रानात जातो, हाक मारतो आणि तळहातावर मीठ धरतो. मिठासाठी जनावर जवळ येतं आणि माणसाची ओळख टिकते. दोघांमधला दोर म्हणजे एवढं मीठच!

तिकडे मिथुन म्हणजे घराची प्रतिष्ठा. लग्नातल्या देण्याघेण्यात, भांडण मिटवताना दंड म्हणून, सण-समारंभात बळी आणि मांसासाठी त्याचा उपयोग होतो. भारतीय कृषी संशोधन परिषदेचं मिथुनवरचं राष्ट्रीय संशोधन केंद्र नागालँडमध्ये मेडझिफेमा इथं १९८८ पासून काम करतं. २०२३ मध्ये देशाच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणानं मिथुनला अन्नासाठीचं जनावर म्हणून मान्यता दिली. तिथल्या डोंगरी माणसाच्या उत्पन्नासाठी हा बदल महत्त्वाचा आहे.

मिथुन आणि गाय यांचा संकर होतो. भूतानमध्ये मिथुनचा वळू आणि तिथली स्थानिक सिरी गाय यांच्यापासून जी मादी होते, ती दुधाला चांगली असते. नर मात्र वांझ निघतो, म्हणून तो औताला वापरतात. कारण असं, की गाईच्या पेशीत ६० गुणसूत्रं असतात आणि मिथुनच्या पेशीत ५८. हिशेब जुळत नाही, म्हणून नराला बीज धरत नाही. घोडा आणि गाढव यांच्यापासून झालेल्या खेचराची गोष्ट तुम्हांला माहीत आहेच. हीही त्याच जातीची.

मिथुन आणि आपला गवा

‘मिथुनचा एखादा भाऊबंद आपल्याकडे आहे का?’ असं कुणी विचारलं, तर उत्तर ‘हो’ असं आहे. तो म्हणजे सह्याद्रीतला गवा. कोल्हापूर जिल्ह्यातलं दाजीपूर-राधानगरीचं अभयारण्य गव्यांसाठीच प्रसिद्ध आहे. मिथुन गव्याच्याच वंशातून माणसाळत आला असावा, असा शास्त्रज्ञांचा कल आहे. पांढऱ्या मोज्यांचे पाय दोघांनाही आहेत. पण गव्याच्या पाठीवर खांद्यापासून मागं ठसठशीत उंचवटा असतो, शिंगं वर आणि आत वळलेली असतात, आणि नर ८००-९०० किलोंपर्यंत सहज भरतो.

आपल्या जुन्या न्यायशास्त्रात एक उदाहरण देतात. शहरातल्या माणसाला रानातला माणूस सांगतो, की गवय नावाचं जनावर गाईसारखं असतं. पुढं शहरातला माणूस रानात जातो, गाईसारखं जनावर बघतो आणि ओळखतो, की हाच तो गवय. सारखेपणावरून ओळख पटवणं याला उपमान म्हणतात. युक्ती चांगली आहे. पण सारखेपणा कुठं संपतो हेही कळलं पाहिजे. गवा गाईसारखा दिसतो, म्हणून तो गाईसारखा वागेल असं नाही.

डिसेंबर २०२० मध्ये पुण्यात कोथरूड भागात एक गवा वाट चुकून शिरला. बघ्यांची गर्दी जमली, पाठलाग झाला, गवा बिथरून धावत राहिला. शेवटी त्याला पकडलं, पण त्यात त्याचा जीव गेला. त्याच महिन्यात बावधन भागात दुसरा गवा दिसला. त्या वेळी गर्दी आवरली गेली आणि तो जंगलाकडे परत गेला. दोन्ही वेळा जनावर एकाच जातीचं होतं, फरक पडला तो माणसांच्या वागण्यानं.

तेव्हा गवा दिसला तर हे लक्षात ठेवा :

१. जवळ जाऊ नका, दगड मारू नका, कुत्री सोडू नका. त्याला निघून जायला वाट मोकळी ठेवा.

२. गर्दी जमू देऊ नका. मोबाइलवर फोटो काढायला पोरांना पुढं पाठवू नका.

३. वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवा.

४. पिकाचं नुकसान झालं असेल तर त्याच दिवशी वनरक्षक आणि तलाठी यांना कळवा. पंचनामा झाल्याशिवाय भरपाई मिळत नाही. गव्याला वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ च्या पहिल्या अनुसूचीचं संरक्षण आहे. त्याला इजा करणं गुन्हा आहे.

आपला अर्धवट माणसाळलेला बैल : गावचा वळू

मिथुनची राहणी वाचून जुन्या माणसांना एक गोष्ट नक्की आठवली असेल. आपल्या गावातही असं जनावर होतं. देवाच्या नावानं सोडलेला वळू! कुणी त्याला पोळ म्हणे, कुणी सांड. त्याला दावं नव्हतं. गायरानात चरायचा, वाटलं तर कुणाच्या शेतात तोंड घालायचा. लोक दोन शिव्या देत, पण काठी जपून मारत. तो एकाचा नव्हता, सगळ्या गावाचा होता. आणि गावातल्या सगळ्या गाई त्याच्यावर अवलंबून होत्या. २००८ मध्ये ‘वळू’ नावाचा मराठी चित्रपट आला, तो अशाच एका गावच्या वळूवर होता. बघितला असेल तर ओळख पटेल.

वळू आणि मिथुन या दोघांचं जगणं एकाच गोष्टीवर उभं होतं. ती म्हणजे सामाईक रान. ते गेलं की असं जनावर टिकत नाही. ईशान्येकडेही जंगल कमी होतंय, मिथुन पिकात शिरतात, भांडणं होतात. म्हणून तिथलं संशोधन केंद्र आता मिथुनला कुंपणात ठेवून, थोडा चारा आणि मीठ देऊन पाळायचा सल्ला देतं.

आपल्या पट्ट्यात हे फार आधी घडलं. १९५४ मध्ये पिंपरीला हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना आला. १९६२ मध्ये औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झालं आणि पिंपरी-चिंचवड-भोसरीची माळरानं कारखान्यांनी भरली. १९८२ मध्ये तिथं महानगरपालिका झाली. पुढं चाकण, म्हाळुंगे, निघोजे, कुरुळी, खराबवाडी या गावांची पाळी आली. रोजगार आला, रस्ते आले, पोरांना नोकऱ्या मिळाल्या, हे खरंच आहे. पण चरायचं रान गेलं आणि त्याबरोबर गावचा वळूही गेला. गाई मात्र राहिल्या. प्रत्येक वाडीत आजही दोन-चार गोठे आहेत, दूध संकलन चालू आहे. मग या गाई भरवायच्या कुणाकडून?

इथं खरी अडचण आहे. कुणीतरी एक खोंड ठेवतो आणि आसपासच्या सगळ्या गाई त्याच्याकडेच जातात. दोन-तीन वर्षांनी त्याच खोंडाच्या मुली माजावर येतात आणि त्याही त्याच्याकडेच नेल्या जातात. बाप आणि मुलगी यांच्यापासून झालेल्या वासरात रक्त-नात्याच्या संकराचं प्रमाण २५ टक्के असतं. अशी वासरं कमजोर निघतात, वाढ खुंटते, गाभण राहायला उशीर लागतो, दूध घटतं. मिथुनच्या छोट्या कळपांतही हीच अडचण दिसते. थोडे नर आणि तेच तेच रक्त. शिवाय एकच वळू अनेक गाईंवर गेला, तर सांसर्गिक गर्भपातासारखे रोग गोठ्यागोठ्यांतून पसरतात.

नावं सांभाळा, बाजारात फसवणूक टाळा

शब्दांचा विषय निघालाच आहे, तर आपल्या घरच्या शब्दांचीही उजळणी करू. नर वासराला आपण गोऱ्हा म्हणतो. तो वाढून तरणा झाला आणि अजून खच्ची केलेला नाही, तर खोंड. खच्ची करून औताला लावला तर बैल. पैदाशीसाठी राखला तर वळू. मादी वासरू वाढलं की कालवड. हे शब्द नुसती शोभा नव्हे, प्रत्येकाचा भाव वेगळा आहे.

चाकणला शनिवारी जनावरांचा बाजार भरतो. तिथं हेडे लोकांची भाषा आपल्याला समजली पाहिजे. आदत म्हणजे अजून कायमचे दात न आलेलं जनावर. दोन दाती म्हणजे साधारण दोन-अडीच वर्षांचं, चार दाती तीन वर्षांच्या आसपास, सहा दाती पावणेचार-चार वर्षांचं, आणि जुळलेलं म्हणजे आठही दात आलेलं, साडेचार-पाच वर्षांचं. शिंगं साळून, तेल लावून म्हातारा बैल तरणा दाखवता येतो, पण दात खोटं बोलत नाहीत. तोंड उघडून बघितल्याशिवाय रुमालाखाली हात घालू नका.

जात विचारतानाही शब्द पारखून घ्या. खिलार म्हणजे पांढरं, चपळ, लांब शिंगांचं, माणदेशाकडचं जनावर. डांगी म्हणजे अकोले-इगतपुरीकडचं, जोरदार पावसात टिकणारं, तेलकट कातडीचं. मावळच्या आणि खेडच्या पश्चिम भागातल्या भाताच्या खाचरात डांगीचा गुण कामी येतो. बैलगाडा शर्यतीसाठी मात्र खिलार खोंडांना मागणी असते. सर्वोच्च न्यायालयानं १६ डिसेंबर २०२१ रोजी शर्यतींना अटींसह परवानगी दिली आणि १८ मे २०२३ रोजी घटनापीठानं राज्याचा कायदा ग्राह्य धरला. तेव्हापासून खोंडांचे भाव चढे आहेत. भाव चढला की नावाची फसवणूक वाढते. नुसतं ‘खिलार आहे’ या शब्दावर पैसे मोजू नका. आई-बाप कुठले, वासरू कुणाच्या गोठ्यातलं, हे विचारा.

आणखी एक. कानात बारा अंकी बिल्ला असल्याशिवाय महाराष्ट्रात १ जून २०२४ पासून बाजारात जनावराची खरेदी-विक्री करता येत नाही. मिथुनचा मालक कानाला खाच पाडतो, आपण बिल्ला लावतो. हेतू एकच, जनावर कुणाचं ते कळावं. बिल्ल्यावरचा क्रमांक पावतीवर लिहून घ्या आणि पशुवैद्यकीय दवाखान्यात मालकी आपल्या नावावर करून घ्या. २०२२ मध्ये लम्पी आला आणि बाजार बंद पडले, तेव्हा लसीकरणाची नोंद किती महत्त्वाची असते ते आपण बघितलंच आहे.

आता करायचं काय?

१. गाईचा माज ओळखा. गाय दर २१ दिवसांनी माजावर येते. हंबरणं, दुसऱ्या गाईवर उडणं, काचेसारखा स्वच्छ सोट गळणं, दूध कमी होणं ही लक्षणं. माज १२ ते १८ तास, काही गाईंत थोडा जास्त टिकतो. सकाळी माज दिसला तर संध्याकाळी भरवा. संध्याकाळी दिसला तर दुसऱ्या दिवशी सकाळी भरवा. कामावर जाणाऱ्या घरात सकाळी पाळीला जाण्याआधी आणि रात्री आल्यावर गोठ्यात दहा मिनिटं नुसतं उभं राहून बघायची सवय लावा.

२. कृत्रिम रेतन करा. आपल्याच जिल्ह्यात उरुळी कांचनला मणिभाई देसाईंनी १९६७ मध्ये बाएफ संस्था स्थापन केली आणि गावोगाव, दारोदार रेतनाची सेवा नेली. शीतरेत कांडी द्रवरूप नत्रात उणे १९६ अंशांवर ठेवलेली असते. वापरण्याआधी ती कोमट पाण्यात धरून वितळवावी लागते. हे काम प्रशिक्षित माणसाकडूनच करून घ्या. कांडीवर वळूचा क्रमांक आणि जात छापलेली असते. तो क्रमांक वहीत लिहा. आईला वापरलेल्या वळूचा क्रमांक मुलीला पुन्हा नको, एवढं एक पथ्य पाळलं तरी रक्त-नात्याचा संकर टळतो.

३. वळू ठेवायचाच असेल तर चौघांत ठेवा. तपासणी करून, रोगमुक्त असल्याची खात्री करून घ्या. अडीच-तीन वर्षांनी, म्हणजे त्याच्या मुली माजावर यायच्या आत, दुसऱ्या गावच्या वळूशी बदला. गावात जेवढे निकृष्ट खोंड मोकळे फिरतात, ते वेळेवर खच्ची करून घ्या.

४. दोन-तीन महिन्यांनी गर्भतपासणी करा. गाय उलटली नाही म्हणजे गाभण आहे, असं धरून बसू नका. रिकामी गाय तीन महिने पोसली तर तेवढ्या दुधाचा आणि वैरणीचा फटका बसतो.

५. कालवडींना चार ते आठ महिन्यांच्या वयात सांसर्गिक गर्भपाताची लस एकदा टोचून घ्या. लाळ्या-खुरकुताची लस वर्षातून दोनदा.

६. मीठ विसरू नका. मिथुन मिठासाठी डोंगर उतरून येतं, यावरून त्याची गरज ओळखा. दुभत्या गाईला रोज ३० ग्रॅम मीठ आणि ५० ग्रॅम खनिज मिश्रण आंबोणातून द्या. माजावर न येणाऱ्या कितीतरी गाई एवढ्यावर सुधारतात.

७. कारखान्यांच्या कडेनं जनावरं चारू नका. आपल्या भागातला हा खास धोका आहे. गवताबरोबर तारेचे तुकडे, खिळे, पत्र्याचे कीस पोटात जातात. गाय न चावता गिळते, आणि पोटातली तार पुढं सरकून काळजाला टोचते. जनावर खात नाही, कण्हतं, कोपरं बाहेर काढून उभं राहतं, पोळीला सूज येते. अशी लक्षणं दिसली तर गावठी उपायात वेळ घालवू नका, डॉक्टरांना बोलवा. प्लॅस्टिकच्या पिशव्यांचंही तसंच. शिळं अन्न पिशवीत बांधून फेकू नका, ही गोष्ट नव्या वसाहतींतल्या लोकांनाही समजावून सांगा.

८. उरलेलं गायरान राखा. गावच्या सामाईक जमिनीवरची अतिक्रमणं काढावीत, असा निकाल सर्वोच्च न्यायालयानं २०११ मध्ये दिला आहे. ग्रामसभेत आपल्या गायरानाचा गट क्रमांक आणि क्षेत्र विचारा, नोंद मागा. बांधावर नेपियर, सुबाभूळ, शेवरी लावा. मोकळं रान नाही, तर गोठ्यापर्यंत चारा आणावा लागेल, हे आता धरून चालायचं.

तर मंडळी, मिथुन म्हणजे जोडी, मिथुन म्हणजे रास आणि मिथुन म्हणजे ईशान्येच्या डोंगरात मिठाच्या ओढीनं हाकेला येणारं जनावर. तिन्ही अर्थ बरोबर आहेत. कुठला अर्थ कुठं लावायचा, एवढं कळलं म्हणजे झालं. राशीवरून दिवस मोजा, पण पेरणी ओल बघून करा. गवा गाईसारखा दिसला तरी त्याला गाय समजू नका. आणि गावचा वळू गेला असला, तरी गाईची पाळी चुकवू नका.

या आठवड्यात एवढंच करा. एक वही घ्या, प्रत्येक गाईचं एक पान करा. बिल्ल्याचा क्रमांक, माजाची तारीख, वळूचा क्रमांक आणि गर्भतपासणीची तारीख लिहा. शंका असेल तर जवळच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात ती वही घेऊन जा. वही समोर असली की डॉक्टरांनाही नेमकं सांगता येतं आणि तुम्हांलाही नेमकं विचारता येतं.